परवाना रद्द होतो तेव्हा : व्यापाऱ्याचे म्हणणे कोण ऐकणार?

नोव्हेंबर २०२१ मधली गोष्ट. लगीनसराईचा माल भरायचा म्हणून आम्ही सुरतेच्या पेढीला साड्यांची ऑर्डर दिली होती. दुसऱ्या दिवशी तिकडून फोन आला, "भाई, तुमचा जीएसटी नंबर रद्द दाखवतोय. बिल कसे फाडू?" आम्हाला वाटले, एखादा आकडा चुकला असेल. पुन्हा सांगितला, पुन्हा तेच. इचलकरंजीला विचारले, मालेगावला विचारले, सगळीकडे एकच उत्तर. नगरच्या कापड बाजारात तीस वर्षे गादीवर बसलेल्या माणसाला आपले दुकान कायद्याच्या दृष्टीने बंद झाले आहे हे परगावच्या माणसाकडून कळावे, यासारखी शरमेची गोष्ट नाही.

चौकशी केली तेव्हा उलगडा झाला. आमचा हिशेब पाहणारे गृहस्थ त्याच वर्षी कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत वारले. पोर्टलवर मोबाईल नंबर त्यांचा, ई-मेल त्यांचा. रिटर्न त्यांचा मुलगा भरत असेल असे आम्ही समजत होतो, आणि आम्ही दुसरा माणूस पाहिला असेल असे तो समजत होता. सहा महिने एकही रिटर्न गेले नाही. रद्द का करू नये, अशी नोटीस निघाली ती एका मयत माणसाच्या फोनवर. सात दिवसांची मुदत संपली, उत्तर नाही, म्हणून आदेश निघाला. कार्यालयाने आपले काम नियमाने केले होते. चूक आमची होती आणि ती कबूल करण्यात आम्हाला कमीपणा वाटत नाही. मोबाईल नंबर बदलून घेण्यातच एक आठवडा गेला. मग विलंब शुल्क आणि १८ टक्के व्याजासह सगळी रिटर्न भरली आणि नोंदणी पूर्ववत करण्याचा अर्ज मुदतीच्या २७ व्या दिवशी केला. तेव्हा ही मुदत अवघी ३० दिवसांची होती. नंबर परत मिळाला, पण निम्मी लगीनसराई हातची गेली.

त्या काळात वकिलांकडे खेटे घालताना एक शब्द वारंवार कानावर पडला, तो म्हणजे 'नैसर्गिक न्याय'. आमचे शालेय शिक्षण उर्दू माध्यमातले. सरकारी मराठीतले कागद आजही आम्ही दोनदा वाचतो. पण या शब्दाचा अर्थ कोणत्याही भाषेत समजण्यासारखा आहे. कोणाचे नुकसान होईल असा निर्णय घेण्याआधी त्याच्यावर काय आरोप आहे ते त्याला सांगा आणि त्याचे म्हणणे ऐका, ही पहिली गोष्ट. दुसरी अशी की, ज्याचा स्वतःचा हितसंबंध गुंतला आहे त्याने निवाड्याला बसू नये. आणि निर्णय दिला तर त्याची कारणे लिहून द्या, ही अपेक्षा पुढे त्यात मिळाली.

हे इतके साधे वाटते की, व्यापाऱ्याला हा हक्क पहिल्यापासून होता असा समज होतो. तो खरा नाही. आणि गंमत म्हणजे, हा हक्क नाकारणारा जो निकाल साऱ्या इंग्रजी अमलाखालच्या मुलखात गाजला, तो एका कापड व्यापाऱ्याचाच होता.

कंट्रोलचे कापड आणि सिलोनचा व्यापारी

दुसऱ्या महायुद्धाच्या काळात कापडावर कंट्रोल आला. आपल्याकडे १९४३ साली सुती कापड आणि सुताच्या नियंत्रणाचा हुकूम निघाला. वडीलधाऱ्या मंडळींकडून आम्ही त्या दिवसांच्या हकिगती ऐकल्या आहेत. शेजारच्या सिलोनमध्ये, म्हणजे आजच्या श्रीलंकेत, कापडाचा व्यापार कुपनांवर चाले आणि वस्त्र नियंत्रकाचा परवाना असल्याशिवाय दुकान चालवता येत नसे. 'हा व्यापारी परवाना ठेवण्यास लायक नाही असे मानण्यास वाजवी कारण आहे' असे नियंत्रकाला वाटले तर तो परवाना रद्द करू शकत असे. नक्कुडा अली या व्यापाऱ्याचा परवाना असाच रद्द झाला. आरोप कुपनांच्या हिशेबात फेरफार केल्याचा. प्रकरण लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेले आणि १९५० साली व्यापारी हरला.

निकालात दोन गोष्टी होत्या. नियंत्रकाला 'वाटले' एवढ्याने भागत नाही, वाजवी कारण प्रत्यक्षात असले पाहिजे, हे कौन्सिलने मान्य केले. ही व्यापाऱ्याच्या फायद्याची बाब. पण पुढे असे म्हटले की, परवाना रद्द करणारा अधिकारी न्यायाधीशासारखा निवाडा करत नाही. तो सरकारने दिलेली एक सवलत परत घेतो आहे. सवलत काढून घेताना न्यायदानाचे दंडक पाळण्याचे बंधन त्याच्यावर नाही. आमच्या मते सगळी मेख या 'सवलत' शब्दात आहे. ज्या कागदावर घरातल्या पाच-सात माणसांची रोजीरोटी आणि नोकरांचे पगार चालतात, उधारी-उसनवारीची सारी पत उभी राहते, तो कागद म्हणजे साहेबाने खुशीने दिलेली बक्षिसी काय?

त्याच वर्षी सप्टेंबरात आपल्या सर्वोच्च न्यायालयासमोर मुंबईचे एक प्रकरण आले. सिंधमधून आलेल्या खुशालदास अडवाणी यांचा राहता फ्लॅट सरकारने ताब्यात घेण्याचा हुकूम काढला होता. मुंबई उच्च न्यायालयाने त्यांच्या बाजूने कौल दिला, पण सर्वोच्च न्यायालयात बहुमताने तो फिरला. हा प्रशासकीय निर्णय आहे, न्यायिक नव्हे, असे ठरले. 'प्रशासकीय' हा शिक्का बसला की दार बंद, अशी ती रीत होती.

हे दार हळूहळू उघडले. इंग्लंडमध्ये १९६३ साली ब्रायटनच्या पोलीस प्रमुखाच्या बडतर्फीच्या खटल्यात लॉर्ड रीड यांनी नक्कुडा अली निकालातील चूक उघड दाखवून दिली. आपल्याकडे १९६९ साली क्रैपाक खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, प्रशासकीय आणि न्यायिक यांतली भिंत आता फार पातळ झाली आहे आणि प्रशासकीय निर्णयातही अन्याय टाळला पाहिजे. त्या खटल्यात जम्मू-काश्मीरच्या वनखात्यातील एक उमेदवार, ज्या मंडळाने निवड करायची त्या मंडळातच सदस्य म्हणून बसला होता! स्वतःच्या नावाची चर्चा असताना तो बाहेर गेला असला, तरी न्यायालयाने निवड रद्द केली.

आणि १९८५ सालचा मुंबईच्या पदपथवासीयांचा ओल्गा टेलिस खटला आमच्या वाचकांना ठाऊक असेलच. मुंबई महापालिकेच्या कायद्याचे ३१४ वे कलम आयुक्तांना नोटीस न देता अतिक्रमण काढण्याची मुभा देते. सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या खंडपीठाने त्याचा अर्थ असा लावला की, नोटीस न देण्याची मुभा म्हणजे नोटीस देऊच नये असा हुकूम नव्हे. एरवी नोटीस दिलीच पाहिजे. 'ऐकून तरी काय फरक पडणार होता?' हा सरकारी वकिलांचा नेहमीचा सवाल असतो. माणसाचे म्हणणे ऐकण्याला स्वतःचीच किंमत आहे, निकाल काहीही लागो, असे उत्तर न्यायालयाने त्यावर दिले. रोजीरोटीचा हक्क हा जगण्याच्या हक्काचाच भाग, हेही त्याच निकालात आले. बाजारात हातगाडी लावणाऱ्यापासून ठोक व्यापाऱ्यापर्यंत सर्वांना लागू पडणारी ही गोष्ट आहे.

मार्केट यार्डातले परवाने

आमच्या जिल्ह्यात परवान्याचा विषय निघाला की कापडाआधी कांदा आठवतो. नेप्ती, घोडेगाव, राहुरी, राहाता इथल्या आडत्यांचा आणि खरेदीदारांचा परवाना बाजार समितीच्या हातात असतो. १९६३ च्या राज्य कायद्याच्या आठव्या कलमानुसार समिती तो निलंबित किंवा रद्द करू शकते. परवाना खोटी माहिती देऊन मिळवला असेल, अटी मोडल्या असतील, दिवाळे निघाले असेल, अशी कारणे त्यात आहेत. आणखी एक कारण असे की, इतर परवानाधारकांशी संगनमत करून बाजाराचे कामकाज मुद्दाम बंद पाडले तर. मात्र कारणे लेखी नोंदवली पाहिजेत आणि बाजू मांडण्याची वाजवी संधी दिल्याखेरीज परवान्याला हात लावता येत नाही, हे त्याच कलमात स्पष्ट आहे. नवव्या कलमात अपिलाची सोय आहे.

ऑगस्ट २०२३ मध्ये केंद्राने कांद्यावर ४० टक्के निर्यात शुल्क लावले आणि सप्टेंबरात शेजारच्या नाशिक जिल्ह्यातील व्यापाऱ्यांनी लिलावात भाग घेणे थांबवले, तेव्हा परवाने रद्द करण्याचे इशारे सर्रास दिले गेले. व्यापाऱ्यांचे करणे बरोबर होते असे आमचे म्हणणे नाही. चाळीत कांदा सडत असलेल्या शेतकऱ्याला विचारा, तो वेगळे सांगेल. परंतु सामुदायिक बंदच्या वेळी एक गोष्ट घडण्याचा धोका असतो. शंभर व्यापाऱ्यांना एकाच मजकुराची नोटीस निघते. त्यातला एक जण खरोखरच आजारी असेल, दुसऱ्याकडे माल ठेवायला जागा नसेल, तिसऱ्याने लिलावात बोली लावलीही असेल. संगनमत कोणाचे होते आणि कोणाचे नव्हते, हे एकेकाला विचारल्याशिवाय कसे कळणार?

येथे दुसरा नियमही आठवावा. अठरा जणांच्या संचालक मंडळात शेतकऱ्यांचे १५, हमाल-मापाड्यांचा एक आणि व्यापारी-आडत्यांचे दोन प्रतिनिधी असतात. या दोघांपैकी एखाद्याच्या गाळ्याशेजारीच, त्याच मालात धंदा करणाऱ्याचा परवाना रद्द करण्याचा विषय निघाला तर त्याने त्या बैठकीतून उठून जावे हे बरे. क्रैपाकचा निकाल पाहता नुसते उठून जाणेही प्रत्येक वेळी पुरेसे ठरेल असे नाही.

कोरी नोटीस

आता पुन्हा जीएसटीकडे येऊ, कारण आज खरा परवाना तोच आहे. दहापेक्षा कमी कामगार असलेल्या दुकानाला २०१७ च्या दुकाने व आस्थापना कायद्यानंतर नुसती माहिती कळवणे पुरते. पूर्वीच्या गुमास्त्याचा धाक त्यामुळे उरला नाही. जीएसटी नंबर गेला तर मात्र बिल नाही, ई-वे बिल नाही, ट्रान्सपोर्टवाला गाठ उचलत नाही.

केंद्रीय जीएसटी कायद्याचे २९ वे कलम नोंदणी रद्द करण्याचा अधिकार देते आणि त्याच कलमात म्हटले आहे की, म्हणणे मांडण्याची संधी दिल्याशिवाय अधिकाऱ्याने नोंदणी रद्द करू नये. नियम २२ प्रमाणे नोटीस येते, कामकाजाच्या सात दिवसांत उत्तर द्यायचे, आणि मग आदेश. कागदावर व्यवस्था चोख आहे. बिघडते ती अंमलात. पोर्टलच्या तयार चौकटीत एखादे कारण निवडले की नोटीस तयार होते. तपशील लिहिण्याची जागा रिकामी राहिली तरी ती रवाना होते.

गुजरात उच्च न्यायालयापुढे अगरवाल डाईंग अँड प्रिंटिंग वर्क्स हे प्रकरण आले ते असेच. रंगाई-छपाईचा, म्हणजे आमच्याच लाइनचा उद्योग. २४ फेब्रुवारी २०२२ च्या निकालात न्यायालयाने नोटीस आणि आदेश दोन्ही रद्द केले. ज्या नोटिशीत आरोपाचा तपशील नाही तिला माणूस उत्तर काय देणार, आणि ज्या आदेशात कारण नाही त्यावर अपील कशाच्या आधारे करणार, हा त्यातला मुद्दा. पोर्टलमध्ये सुधारणा होईपर्यंत तपशीलवार नोटीस कागदावर लिहून रजिस्टर पोस्टाने पाठवा, असेही न्यायालयाने खात्याला सांगितले. संगणक आला म्हणून न्यायाची रीत बदलत नाही, एवढाच त्याचा अर्थ आम्ही घेतला.

त्याआधी ३१ जानेवारी २०२२ रोजी मद्रास उच्च न्यायालयाने सुगुणा कटपीस सेंटर आणि इतर अनेक लहान व्यापाऱ्यांच्या याचिका एकत्र निकाली काढल्या. कटपीसचे दुकान! आमच्या बाजारात अशी किती दुकाने असतील ते मोजायला हवे. रिटर्न थकले म्हणून नोंदणी गेली आणि दाद मागण्याची मुदतही टळली, अशी ही मंडळी. न्यायालय म्हणाले की, यांना कराच्या चौकटीबाहेर ठेवून कोणाचाच फायदा नाही. ते व्यापार तर करतीलच, पण बिनबिलाचा. म्हणून थकलेली रिटर्न, कर, व्याज आणि दंड भरण्याच्या अटीवर नोंदण्या पूर्ववत करण्यात आल्या.

आमच्या जिल्ह्याला जवळचा निकाल मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाचा. आमचा जिल्हा त्याच खंडपीठाच्या अधिकारक्षेत्रात येतो. रोहित एंटरप्रायझेस या प्रकरणात १६ फेब्रुवारी २०२३ रोजी निकाल झाला. फॅब्रिकेशनचे काम करणारा लहान उद्योजक, कोरोनाचा काळ, आर्थिक ओढाताण, आजारपण, रिटर्न थकलेले, नोंदणी रद्द. अपील केले तर ते मुदतीबाहेर म्हणून फेटाळले गेले. म्हणजे अपिलाधिकाऱ्याने गुणदोषांकडे पाहिलेच नाही, नुसते कॅलेंडर पाहिले. खंडपीठाने मद्रासच्या निकालाचा आधार घेतला आणि स्पष्ट केले की, अपिलाची मुदत संपली म्हणून उच्च न्यायालयाचे हात बांधले जात नाहीत, कारण प्रश्न व्यवसायाच्या स्वातंत्र्याचा आणि रोजीरोटीचा आहे. थकबाकी भरण्याच्या अटीवर नोंदणी परत मिळाली. १९५० साली जी 'सवलत' होती ती इथे हक्काच्या जागी आली. हा निकाल वाचताना आमच्या डोळ्यांसमोर आमचाच नोव्हेंबर उभा राहिला. अर्ज करायला आणखी चार दिवस उशीर झाला असता तर आम्हीही त्याच रांगेत असतो.

या निकालांचा अर्थ एवढाच की व्यापाऱ्याला संधी मिळते. नोटीस सदोष म्हणून आदेश रद्द झाला तर बहुतेक वेळा प्रकरण त्याच अधिकाऱ्याकडे परत जाते आणि तो नवी, नीट नोटीस काढू शकतो. खोट्या फर्म काढून नुसती बिले विकणाऱ्यांना यातून कवच मिळते असे कोणी समजू नये. १६ मे ते १५ जुलै २०२३ या काळात देशभर अशा बोगस नोंदण्यांविरुद्ध मोहीम झाली. ती गरजेचीच होती. बोगस पेढीचे बिल घेऊन फसलेला प्रामाणिक व्यापारी आम्ही आमच्या गल्लीतच पाहिला आहे. माल घेतला, पैसे दिले, कर दिला, आणि वर वजावट नाकारली गेली.

निलंबनाची पळवाट

आमची खरी तक्रार वेगळीच आहे. तिच्याकडे व्यापारी संघटनांचे लक्ष कमी आहे. रद्द करण्यापूर्वी ऐकायचे, हे ठीक. पण त्याआधी निलंबन येते. नियम २१-अ मध्ये पूर्वी असे शब्द होते की, संबंधिताला म्हणणे मांडण्याची वाजवी संधी देऊन नोंदणी निलंबित करता येईल. २२ डिसेंबर २०२० च्या अधिसूचनेने ते शब्दच काढून टाकले. म्हणजे एका हाताने सुनावणी द्यायची आणि दुसऱ्या हाताने, सुनावणी होईपर्यंत, दुकानाला कुलूप लावायचे. निलंबनाच्या काळात करपात्र विक्रीचे बिल करता येत नाही. ईदच्या किंवा दिवाळीच्या तोंडावर तीन आठवडे निलंबन झाले, तर पुढे नोंदणी वाचली काय आणि गेली काय, वर्षाचे गणित कोलमडलेच.

तातडीच्या वेळी आधी कारवाई आणि मग सुनावणी, ही गोष्ट न्यायालयांना अमान्य नाही. आयात परवान्यांबाबत लिबर्टी ऑइल मिल्सच्या खटल्यात १९८४ साली सर्वोच्च न्यायालयाने तात्पुरत्या हुकुमापुरती ती मान्य केली, पण नंतर तरी ऐकलेच पाहिजे अशी अट घातली. बोगस फर्मसाठी असे निलंबन योग्यच. पण रिटर्न थकलेला, जागेवर बसलेला, वीजबिल भरणारा दुकानदार कुठे पळून जाणार आहे? थकलेली रिटर्न भरताच निलंबन आपोआप उठावे अशी तरतूद जुलै २०२२ मध्ये आली. त्यामुळे या वर्गाला बराच दिलासा मिळाला हे मान्य केले पाहिजे. इतर कारणांनी निलंबित झालेल्यांना मात्र अधिकाऱ्याच्या सवडीची वाट पाहावी लागते. सुनावणीचे ते काढलेले शब्द निदान त्यांच्यासाठी परत यावेत, ही मागणी चेंबरने लावून धरावी असे आम्हाला वाटते.

आणखी एक. कलम २९ मागील तारखेपासून नोंदणी रद्द करण्याची मुभा देते. तारीख मागे नेली की मधल्या काळात त्या दुकानाकडून माल घेतलेल्यांची वजावट धोक्यात येते. त्यांना तर नोटीसही नसते!

व्यवहारापुरते थोडे सांगतो. नोटीस आली आणि तीत तपशील नसेल तर गप्प बसू नये. 'आरोपाचा तपशील आणि ज्या कागदांवर तो आधारला आहे त्यांच्या प्रती द्याव्यात, तसेच प्रत्यक्ष सुनावणी द्यावी' एवढे दोन ओळींत मुदतीच्या आत कळवावे आणि कागद हाती दिला असेल तर आवक शिक्का घेऊन प्रत जपून ठेवावी. पुढे उच्च न्यायालयात हाच कागद बोलतो. उत्तरच दिले नाही तर 'आम्हाला ऐकले नाही' हे म्हणणे फिके पडते. नोंदणी पूर्ववत करण्याच्या अर्जाची मुदत १ ऑक्टोबर २०२३ पासून ९० दिवस झाली आहे, आणि पुरेसे कारण दाखवल्यास ती आणखी १८० दिवसांपर्यंत वाढवता येते. अपिलाला तीन महिने, अधिक फार तर एक. त्यापुढे मग खंडपीठाचा रस्ता आणि वकिलांची फी.

आमच्या दुकानाच्या पाटीवर अजून 'अहमदनगर'च आहे. २०२४ मध्ये जिल्हा अहिल्यानगर झाला, पाटी सवडीने बदलू. पोर्टलवरचा मोबाईल नंबर मात्र आम्ही तेव्हाच बदलला. तो आता आमच्या स्वतःच्या खिशातला आहे. दर सोमवारी दुकान उघडले की गिऱ्हाईक येण्याआधी आम्ही पोर्टल उघडून नोटिसांचे पान पाहतो, आणि मगच पहिली गाठ सोडतो.